तुर्की परवचा

मला तुर्की भाषा येत नाही. चहाला काय म्हणतात ते येतं, कारण ते जवळजवळ आपल्यासारखंच आहे, आणि दुकानात आभार मानण्याइतकं येतं. तरीही बत्तीस ओळींची एक तुर्की कविता मला तोंडपाठ आहे. काही काळ तर ती या जगात फक्त माझ्या डोक्यात होती. कागदावर नव्हती, फोनमध्ये नव्हती, आणि ज्याने ती केली तो माणूस गेलेला होता. ती मी एका भरलेल्या हॉलमध्ये, खणखणीत आवाजात, एकही चूक न करता म्हणून दाखवली. आपण काय म्हटलं ते मला पाच मिनिटांनी त्या हॉलच्या किचनमध्ये कळलं. त्या धक्क्यातून मी अजून पुरती सावरलेली नाही, म्हणून हे लिहायला बसले आहे.

एजवेअरला आमचं घर सेमी-डिटॅच्ड आहे, म्हणजे शेजारच्यांची आणि आमची एक भिंत सामाईक. तिकडे कोणी शिंकलं तर इकडे कळतं. सहा वर्षांपूर्वी त्या बाजूला एक म्हातारे गृहस्थ एकटेच राहायला आले. उंच, किंचित वाकलेले, भर उन्हाळ्यातही अंगात इस्त्रीचा कोट. त्या कोटावरून मी ठरवून टाकलं की यांचं आयुष्य ड्राय-क्लीनिंगच्या धंद्यात गेलं असणार. रोज सकाळी ते मागच्या गार्डनमध्ये कुंपणापासून शेडपर्यंत चालायचे आणि तोंडाने काहीतरी पुटपुटायचे. तीच फेरी, तेच पुटपुटणं, मध्येच थांबून मान हलवायची आणि परत पहिल्यापासून. माझा नवरा म्हणाला, "अगं, हे डिमेन्शियाचं सुरू झालेलं दिसतंय. कोणीतरी त्यांच्या फॅमिली डॉक्टरला सांगायला हवं." मी स्वतः डॉक्टर, हॉस्पिटलमध्ये तीस वर्षं भूल देण्याचं काम केलेली, तरी मीही मान डोलावली. माझं निदान ते एवढं.

मी एकदा थालीपीठं दिली. चौथ्या दिवशी डबा परत आला तो ऑलिव्ह भरून. मला फार बरं वाटलं, कारण रिकामा डबा परत करायचा नाही ही आमच्या घरची रीत, आणि इंग्लंडमध्ये ती पाळणारा माणूस मला पहिल्यांदाच भेटत होता. त्यांच्याकडेही तसंच करतात म्हणाले. मग डबा भिंतीच्या अलीकडून पलीकडे फिरत राहिला. ते मला 'डॉक्टर हानम' म्हणायचे, म्हणजे डॉक्टरीणबाई. मी त्यांना काका म्हणायचे. काका स्पष्टवक्ते होते. माझ्या गाजराच्या हलव्यात साखर जास्त असते हे त्यांनी मला तोंडावर सांगितलं, आणि पुढच्या वेळी कमी घातली तर बेचव झाला हेही सांगितलं.

ते कोण आहेत हे मला कळलं ते हाय स्ट्रीटवरच्या तुर्की वाणसामानाच्या दुकानात. मी रांगेत होते, काका माझ्या पुढे, हातात दोन वांगी. गल्ल्यावरचा पन्नाशीचा दांडगा मालक त्यांना बघून उभा राहिला, बाहेर आला, त्यांचा हात धरून ओठांना आणि मग कपाळाला लावला, आणि सगळ्या दुकानासमोर रडायला लागला. काका ओशाळून वांग्यांकडे बघत होते. ते गेल्यावर मी त्या माणसाला विचारलं. तो म्हणाला, "तुम्ही त्यांच्या शेजारी राहता आणि तुम्हाला माहीत नाही?" त्या स्वरात मला जे ऐकावं लागलं ते मी सहसा कोणाचं ऐकून घेत नाही. पण त्या दिवशी ऐकून घेतलं.

ड्राय-क्लीनिंगवाले काका म्हणजे त्यांच्या देशातले मोठे कवी आणि कादंबरीकार. बंदी आलेले, तुरुंगात गेलेले, नागरिकत्व काढून घेतलेले. लष्करशहांवर लिहिलं म्हणून सरकारचे शत्रू झाले, आणि स्वतःच्या क्रांतिकारक मित्रांच्या ढोंगावर लिहिलं म्हणून त्यांचेही झाले. त्यांच्या एका कादंबरीचं इंग्रजी भाषांतर मी मागवलं आणि दोन दिवसांत वाचून काढलं. त्यात एक मुद्रक आहे, बंदी घातलेली पुस्तकं छापणारा. पोलीस मागावर असतात म्हणून तो बायकोला घेऊन घर बदलतो. पाच-सहा जणांनाच ते नवं घर ठाऊक असतं. तरी एका पहाटे पोलीस येतात आणि त्याला घेऊन जातात. तो परत येत नाही, त्याचं प्रेतही मिळत नाही. पत्ता कोणी सांगितला हा प्रश्न पुस्तकाच्या शेवटापर्यंत तसाच राहतो. प्रस्तावनेत लिहिलं होतं की ही घटना खरी आहे, तो मुद्रक लेखकाचा जिवलग मित्र होता, आणि त्याच आठवड्यात पकडलेल्या लेखकाने कित्येक दिवस मार खाऊनही तोंडातून एक नाव काढलं नाही.

मग मला त्यांच्या डाव्या हाताचा उलगडा झाला. त्यांची चार बोटं नीट वळायची नाहीत. मी आधी विचारलं होतं, तेव्हा ते म्हणाले होते, दारात सापडली. मी हाडांच्या ऑपरेशनला कमी उभी राहिलेली नाही. चारही बोटं एकाच रेषेत मोडतात ती दारात नाही. मला हे आधीच दिसायला हवं होतं, आणि मी साखरेवरून वाद घालत बसले याची मला अतोनात लाज वाटली.

आता परवच्याबद्दल सांगते. माझे वडील मिरजेला शाळामास्तर होते. दिवेलागणीला आम्ही तिघं भावंडं रांगेत बसायचो आणि पाढे, पावकी, निमकी, मग दोन-तीन संस्कृत स्तोत्रं, एका दमात. कोणी अडखळलं तर तिघांनीही पहिल्यापासून. अर्थ विचारला की वडील म्हणायचे, आधी पाठ कर, अर्थ येईल मागून. माझ्यापर्यंत तो बऱ्याच स्तोत्रांचा अजून आलेला नाही. तरीही सकाळी चहा टाकताना माझं म्हणणं चालूच असतं, आणि भिंत सामाईक असल्यामुळे काकांना ते रोज ऐकू जायचं.

एका शनिवारी डबा द्यायला आले तेव्हा त्यांनी विचारलं, "सकाळी जे म्हणता ते कुठे लिहून ठेवलंय?"

"पुस्तक आहे घरात. पण मी ते उघडलेलं नाही चाळीसेक वर्षांत."

"आणि अर्थ?"

"थोडाफार," मी म्हटलं. "खरं सांगायचं तर फारसा नाही."

ते माझ्या किचनच्या खुर्चीवर बसलेच. त्यांनी मग परवचा म्हणजे काय ते माझ्याकडून सगळं काढून घेतलं. किती वाजता बसायचो, चुकलं तर काय व्हायचं, वडील डोळे मिटून ऐकायचे की उघडे ठेवून. ऐकून झाल्यावर म्हणाले की तुरुंगात त्यांना कागद मिळत नसे. मिळाला तर झडतीत जाई. म्हणून ते चालत चालत कविता मनात रचायचे आणि बराकीतल्या लोकांना ओळी वाटून द्यायचे. ह्याने पहिल्या आठ, त्याने पुढच्या आठ. सुटलेला माणूस आपल्या ओळी घेऊन बाहेर जायचा. "सगळ्यांत स्वच्छ पाठांतर एका धनगराचं होतं," ते म्हणाले. "त्याला माझी भाषा धड येत नव्हती. ज्यांना येत होती ते ओळी सुधारायचे." त्यानंतर त्यांना कागदावर लिहिताच आलं नाही. कादंबऱ्यासुद्धा त्यांनी बोलून दुसऱ्याकडून लिहवून घेतल्या. बागेतल्या फेऱ्या म्हणजे त्यांचं लिहिणं होतं, आणि आम्ही त्याला डिमेन्शिया म्हणत होतो.

मग त्यांनी विचारलं, मी एक कविता पाठ करीन का.

मी म्हटलं, "काका, मी डॉक्टर आहे, पोपट नाही. फोनवर रेकॉर्ड करते की."

"फोन माझ्या नंतर कोणाच्या हातात जाईल ते मला माहीत नाही. तुम्ही कोणाच्या हातात जाणार नाही हे मला दिसतंय."

ही स्तुती होती की टोमणा ते मला कळलं नाही, पण मी हो म्हणून बसले. खरं कारण सांगते. या वयात कोणीतरी आपल्या पाठांतरावर विसंबतं आहे याचा मला गर्व झाला.

पूर्ण हिवाळा गेला. दर शनिवारी अकरा वाजता ते यायचे, कमरेशी बारीक असलेला आपला काचेचा पेला बरोबर आणायचे, आणि मी त्यात चहा ओतायची. एक ओळ ते म्हणायचे, मी म्हणायची. मग मागची आणि ही. मग पहिल्यापासून. एक स्वर जरी वाकडा गेला तरी ते विरळ भुवया वर करायचे आणि बोट खाली करायचे, म्हणजे पहिल्यापासून. माझे वडीलच कोट घालून समोर बसलेत असं मला वाटायचं. अर्थ मी एकदाच विचारला. ते म्हणाले, "डॉक्टर हानम, ऑपरेशन चाललेलं असताना तुम्ही पेशंटला जागं करून दाखवता का?" मी हसले. तेव्हा मला ते उत्तर फार चतुर वाटलं होतं.

मार्चमध्ये बत्तीस ओळी पुऱ्या झाल्या. त्यांनी अटी सांगितल्या. ते असेपर्यंत कोणाला म्हणून दाखवायची नाही. गेल्यावर एकदाच, लोकांसमोर, मोठ्याने. त्याआधी कोणालाही, अगदी त्यांच्या मुलीलाही ऐकवायची नाही. कॉव्हेंट्रीला एक बाई राहतात, त्या समोर बसलेल्या असल्या पाहिजेत. आणि एकदा सुरू केली की थांबायचं नाही.

"मध्ये कोणी उठलं तर?"

"तरी नाही."

मला वाटलं, कवींचा मानीपणा. टाळ्यांनी लय बिघडायला नको असेल. मी शब्द दिला.

पुढच्या शरद ऋतूत ते छातीच्या इन्फेक्शनने गेले, आठवडाभरात, हॉस्पिटलमध्ये. मी शेवटच्या दुपारी जवळ होते. त्यांना बोलता येत नव्हतं, मास्क होता. त्यांनी माझ्याकडे बघून बोट खाली केलं, पहिल्यापासून. मी मान डोलावली. वॉर्डातल्या नर्सला वाटलं त्यांना बेड खाली हवाय.

मुलगी ग्लासगोहून आली. ती आर्किटेक्ट आहे, चाळीस-बेचाळीसची, वडिलांसारखीच उंच. वडील तुरुंगात असताना ती पाळण्यात होती. लहानपणी त्यांचा सहवास तिला फार थोडा मिळाला, आणि जे मिळालं नाही त्याच्या जागी तिने एक गोष्ट ठेवली होती. मला ती तिने पहिल्याच दिवशी सांगितली. "शाळेत मुली विचारायच्या, तुझे वडील कुठेत. मी म्हणायचे, माझे वडील बोलले नाहीत म्हणून आत आहेत." ती त्यांचं समग्र साहित्य छापायच्या तयारीला लागली होती आणि शेवटची कविता शोधत होती. त्यांनी फोनवर तिला सांगितलं होतं की एक मोठी कविता झाली आहे. तिने सगळं घर उपसलं. गॅसच्या बिलांशिवाय कागद नव्हता.

मी म्हटलं, "कविता माझ्याकडे आहे. पाठ."

ती माझ्या गळ्यात पडून रडली. मग डोळे पुसून तिने लॅपटॉप उघडला आणि म्हणाली, सांगा.

इथे मी जे केलं त्याची चुटपुट मला मरेपर्यंत राहील. मी नाही म्हटलं. शब्द दिलाय, आधी लोकांसमोर, मग तुला. तिने दोनदा विनवलं, हसून, मग जरा चिडून. मी ऐकलं नाही. त्या टेबलाशी मी पहिल्या अठरा-वीस ओळी म्हटल्या असत्या तरी तिला कळलं असतं, आणि जे पुढे झालं ते निदान दार लावून घरात झालं असतं. पण दिलेला शब्द आणि मिरजेचा परवचा, दोन्ही माझ्या डोक्यात गेले होते. आणखी एक लपवत नाही. शेदीडशे लोकांसमोर एक मराठी बाई न अडखळता तुर्की कविता म्हणणार, हे चित्र मला आवडलं होतं. मी त्यासाठी पैठणी काढून ठेवली होती.

शोकसभा उत्तर लंडनमधल्या एका कम्युनिटी हॉलमध्ये होती. मागे चहाचा मोठा समोवर, पुढे त्यांचा फोटो, आणि खुर्च्या कमी पडल्याने भिंतीला टेकून उभे असलेले लोक. पुढच्या रांगेत कडेला एक लहानखुऱ्या आजी बसल्या होत्या, तपकिरी कोट, मांडीवर पर्स, दोन्ही हात पर्सवर. मुलीने माझी ओळख करून दिली. त्या कॉव्हेंट्रीच्या बाई म्हणजे त्या मुद्रकाची बायको. काकांच्या प्रत्येक वाचनाला येतात, पुढे बसतात, कोणाशी न बोलता निघून जातात. मी वाकून नमस्कार केला. त्यांनी माझ्या पैठणीच्या पदराला बोट लावून बघितलं आणि हसल्या.

भाषणं झाली. प्रत्येकजण तेच म्हणत होता, मार खाऊनही ज्यांनी तोंड उघडलं नाही ते हे. मग मुलीने मला पुढे बोलावलं.

मी डोळे मिटून सुरुवात केली, कारण परवचा मला तसाच येतो. पहिल्या ओळींना मागून कौतुकाचा हुंकार आला. माझा आवाज सुटला. अठराव्या ओळीच्या आसपास हॉलमध्ये काहीतरी बदललं. चमच्यांचा आवाज बंद झाला. मग एक खुर्ची सरकली. एक पुरुषी आवाज काहीतरी कडक बोलला, मग दुसरा. मी डोळे उघडले तर एक म्हातारा उभा राहून माझ्याकडे हात करत होता, आणि मुलगी खुर्चीतून अर्धी उठली होती, तोंडावर हात ठेवून. मला वाटलं, यांना दुःख सहन होत नाहीये. आणि मला अट आठवली, मध्ये कोणी उठलं तरी नाही. मी आवाज चढवला. उरलेल्या ओळी मी त्या गलक्यावर मात करत म्हटल्या, शेवटपर्यंत, आणि हात जोडले.

एकही टाळी वाजली नाही. तपकिरी कोटातल्या आजी डोळे मिटून होत्या. त्यांचे हात पर्सवर जिथे होते तिथेच होते.

मुलीने माझं कोपर धरून मला किचनमध्ये नेलं. तिचे ओठ पांढरे पडले होते. म्हणाली, "तुम्हाला माहीत होतं?"

"काय?"

तिने मला इंग्रजीत सांगितलं, ओळीमागून ओळ, सिंकला धरून. कवितेत ते म्हणतात की तिसऱ्या दिवशी मी नाव सांगितलं. मग घर सांगितलं. दार निळं आहे हे सांगितलं. दाराशी डाळिंबाचं झाड आहे हे कोणी विचारलं नव्हतं, तेही सांगितलं. मग त्यांनी मला पाणी दिलं. ते पाणी गोड लागलं. बाहेर लोकांनी मला शूर म्हटलं आणि मी गप्प राहिलो, आणि त्या गप्प राहण्यालाही लोक शौर्य म्हणाले. चाळीस वर्षं मी जे लिहिलं ते त्या पाण्याच्या चवीने लिहिलं.

मी किचनच्या फरशीवर बसले, पैठणीसकट. आयुष्यात मी माणसं ऑपरेशनच्या टेबलावर गेलेली पाहिली आहेत, त्यांच्या नातेवाइकांना मी स्वतः बाहेर येऊन सांगितलं आहे. पण अशी खाली कधी बसले नव्हते. त्या बाईच्या समोर, तिच्या डोळ्यांसमोर, मी ते ठासून म्हटलं होतं. आवाज चढवून. आणि दुसऱ्या क्षणी मला काकांचा असा संताप आला की ते जिवंत असते तर मी त्यांना सोडलं नसतं. इतक्या वर्षांत त्यांना कॉव्हेंट्रीची ट्रेन मिळाली नाही. स्वतःच्या तोंडाने म्हणण्याची हिंमत नव्हती म्हणून माझं तोंड वापरलं. भाषा समजणारा कोणीही ही कविता पाठ करायला तयार झाला नसता, किंवा अर्ध्यात थांबला असता. म्हणून त्यांनी मला निवडलं होतं. मी हलव्यात साखर कमी-जास्त करत राहिले आणि ते माझ्यात हे भरत राहिले.

दोन दिवसांनी मुलगी आमच्या घरी आली. रडून रडून डोळे सुजलेले, पण बोलणं शांत. तिने एक ईमेल लिहून, कागदावर छापून आणला होता, सभेला आलेल्या सगळ्यांना पाठवण्यासाठी. त्यात होतं की शेजारच्या बाईंना तुर्की येत नाही, त्यांनी कादंबरीतले आणि कवितेतले तुकडे नकळत एकत्र केले, आणि हा पाठ खरा मानू नये. खाली माझ्या नावाची जागा होती.

"तुमच्यावर कोणी रागावणार नाही," ती म्हणाली. "भाषा येत नाही, चूक होऊ शकते. सगळे समजून घेतील. नाहीतर माझ्याकडे त्यांचं काहीच उरत नाही."

मी रविवारपर्यंत वेळ मागितला. नवरा म्हणाला, "अगं, सही करून टाक. तुझं काय जातंय त्यात? त्या पोरीचं बघ." त्याचं चूक नव्हतं. मला त्या मुलीकडे बघवत नव्हतं. शनिवारी रात्रीपर्यंत माझं ठरत आलं होतं. माझ्या पाठांतराची अब्रू जाणार होती, तर जाऊ दे. ज्या माणसाने मला असं वापरलं, त्याच्या शेवटच्या इच्छेची मला पर्वा करायचं कारण नव्हतं.

रविवारी दुपारी बारा वाजता बेल वाजली. दारात तपकिरी कोट. आजी कॉव्हेंट्रीहून ट्रेनने एकट्या आल्या होत्या, पत्ता लिहिलेला कागद हातात. मुलगी शेजारी घर आवरत होती. तिला खिडकीतून दिसलं आणि तीही धावत आली. मी दोघींना किचनमध्ये बसवलं आणि काही न सुचून काकांच्याच पेल्यात आजींना चहा दिला. तो पेला माझ्याकडेच राहिला होता.

आजींचं इंग्रजी तुटक होतं. त्यांनी मला विचारलं, "त्याने तुम्हाला असंच शिकवलं? की तुमच्याकडून इकडचं तिकडे झालं?"

मुलगी माझ्याकडे बघत होती. तो ईमेल फ्रिजवर मॅग्नेटखाली लावलेला होता.

मी म्हटलं, "परत म्हणून बघते." आणि डोळे मिटून सुरू केलं. सतरा ओळी नेहमीसारख्या आल्या. अठरावी आली नाही. मी पहिल्यापासून घेतलं, परत तिथेच थांबले. ती ओळ कुठे आहे ते मला दिसत होतं, पण आता त्यात निळं दार होतं, माणूस होता, आणि ती बाई समोर बसली होती. अर्थ कळला आणि माझी वाचाच बसली. आयुष्यात पहिल्यांदा मी परवच्यात अडखळले.

मुलगी हळूच म्हणाली, "बघितलंत? त्यांना पाठ नाहीये." तिच्या आवाजात सुटका होती.

तेव्हा आजींनी पेला खाली ठेवला आणि अठराव्या ओळीपासून म्हणायला सुरुवात केली. बारीक, कोरड्या आवाजात. एकोणीस, वीस, एकवीस. मी ओठांनी बरोबर जात होते. एक स्वर इकडचा तिकडे नव्हता. बत्तिसाव्या ओळीपर्यंत त्यांनी ती म्हटली. त्यांनी ती एकदाच ऐकली होती, माझ्या तोंडून, गलक्यात.

मग त्या मुलीकडे वळल्या आणि तुर्कीत बोलल्या. मुलीने ते मला सांगितलं नाही, ती सांगायच्या अवस्थेतच नव्हती. म्हणून आजींनीच ते माझ्यासाठी इंग्रजीत परत म्हटलं, शब्द शोधत.

"दार निळं होतं. डाळिंबाचं झाड होतं. हे पुस्तकात नाही, कुठेच नाही. आम्ही त्या घरात अकरा दिवस राहिलो."

आजींनी पेला परत उचलला, एक घोट घेतला.

"पाचव्या दिवशी मी बाजारात गेले. भाजीवाल्या बाईने विचारलं, कुठे दिसत नाहीस, कुठे राहतेस? मी नवी नवरी होते, कौतुकाने सांगितलं, निळ्या दाराचं घर, डाळिंबाचं झाड आहे. घरी येऊन माझ्या लक्षात आलं की सांगायचं नव्हतं. नवऱ्याला बोलले नाही. मग ते आले." त्यांनी पर्स उघडली, रुमाल काढला आणि तो तसाच हातात धरून ठेवला. "चाळीस वर्षं मला वाटतंय, मी सांगितलं."

मुलगी टेबलावर डोकं ठेवून रडत होती. आजींनी तिच्या केसांवर हात ठेवला आणि तसाच ठेवला.

मी उठले, फ्रिजवरचा कागद काढला आणि त्याची घडी करून मुलीसमोर ठेवली. म्हटलं, "माझ्याकडून इकडचं तिकडे काही झालेलं नाही. त्यांनी शिकवलं तसंच आहे."

आजींनी मान डोलावली. मग माझ्याकडे बघून, म्हातारपणाने वाकड्या झालेल्या बोटाने, काका करायचे तशीच त्यांनी खाली टेबलाकडे खूण केली. पहिल्यापासून.